साठेखत झाले, खरेदीखताला मालक येईना

तालुक्याच्या गावातले दुय्यम निबंधक कार्यालय. बाकावर सकाळपासून एक जण बसून आहे. मांडीवर प्लास्टिकची पिशवी. तिच्यात बँकेचा डिमांड ड्राफ्ट, आधार कार्डाच्या झेरॉक्स, फोटो आणि वर्षभरापूर्वीचे साठेखत. सोबत आणलेले दोन साक्षीदार चहा पिऊन आले, जेवून आले. ज्याची जमीन घ्यायची तो मालक मात्र आलेला नाही. त्याचा फोन आधी नुसता वाजत होता, मग लागेनासा झाला. मधल्या काळात गावाजवळून रिंगरोड जाणार अशी बातमी पसरली आणि एकरी भाव दुपटीवर गेला.

असा माणूस महाराष्ट्रातल्या बहुतेक तालुक्यांत भेटेल. त्याच्या डोक्यात दोन प्रश्न असतात. मालकाने सही केली, पैसे घेतले, तर मग जमीन आता कोणाची? आणि मालक आलाच नाही, तर न्यायालय त्याला धरून सही करायला लावू शकते का?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर खरेदीदाराला निराश करणारे आहे: जमीन अजून मालकाचीच. दुसऱ्याचे उत्तर दिलासा देणारे आहे: मालक सहीला नाहीच आला, तर त्याच्या वतीने न्यायालय स्वतः सही करू शकते. पण तिथवर पोचायचे तर वाटेत अनेक अटी आहेत, आणि त्या बहुतेक लोकांना वेळ टळून गेल्यावरच कळतात.

साखरपुडा आणि लग्न

जमिनीच्या व्यवहारात साधारण तीन कागद होतात. आधी विसार पावती. विदर्भात तिला इसार चिठ्ठी म्हणतात. मग साठेखत आणि शेवटी खरेदीखत. साठेखत म्हणजे साखरपुडा आणि खरेदीखत म्हणजे लग्न, असे मानले तर गोष्ट लवकर ध्यानात येते. साखरपुड्याने नाते ठरते, जुळत नाही. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५४ मध्ये हेच आहे: विक्रीच्या करारामुळे त्या मालमत्तेत खरेदीदाराचा कोणताही हक्क किंवा बोजा आपोआप निर्माण होत नाही.

साठेखताचा मसुदा वाचला तर हे त्याच्या भाषेतही दिसते. मालक असतो ‘लिहून देणार’, खरेदीदार ‘लिहून घेणार’. गट नंबर, क्षेत्र, आकार आणि चतुःसीमा लिहिलेल्या असतात: पूर्वेस अमुकाची जमीन, दक्षिणेस ओढा. मग येते मुख्य वाक्य, की उरलेली रक्कम मिळताच लिहून देणार हे लिहून घेणार यांच्या नावे खरेदीखत ‘करून देतील’. सगळा कागद भविष्यकाळातला आहे.

मुखत्यारपत्र आणि साठेखत मिळून खरेदी झाली, असा समज अजूनही पक्का आहे. ‘पॉवर लिहून घेतली, आता काळजी नाही’ असे लोक बोलतात. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये हरियाणातून आलेल्या एका प्रकरणात हा समज स्पष्ट शब्दांत खोडून काढला. मुखत्यारपत्र, करार आणि मृत्युपत्र यांची जुळणी करून स्थावर मालमत्तेची मालकी जात नाही; ती नोंदणीकृत खरेदीखतानेच जाते.

साखरपुड्याची उपमा मात्र इथेच सोडून द्यावी लागते. साखरपुडा मोडला म्हणून न्यायालय कोणाला बोहल्यावर उभे करत नाही. जमिनीचा करार मोडला तर मात्र ते तो करार पुरा करून घेऊ शकते. वकील ज्याला स्पेसिफिक परफॉर्मन्सचा दावा म्हणतात आणि मराठीत करारपूर्तीचा दावा म्हणतात, तो हाच.

पैसे परत मिळाले की झाले, असे का नाही?

व्यापाऱ्याने साखरेची दहा पोती द्यायचे कबूल केले आणि दिली नाहीत, तर गिऱ्हाईक दुसऱ्या दुकानातून घेते. भावात फरक पडला असेल तर तेवढी भरपाई मागते. साखर सगळीकडे साखरच असते. जमिनीचे तसे नसते. आपल्या विहिरीला लागून असलेले, बांधावरून पाट काढता येईल असे, गावठाणापासून चालत जाता येईल असे शेत एकच असते. दोन एकरांच्या बदल्यात तालुक्याच्या दुसऱ्या टोकाला दोन एकर घेऊन त्या माणसाचे काम होत नाही.

इंग्लंडमधली जुनी कॉमन लॉ न्यायालये करारभंगाबद्दल फक्त पैसे मिळवून देत. पैशाने न भागणाऱ्या बाबतीत लोक चॅन्सरी न्यायालयाकडे जात, आणि ते न्यायालय कबूल केलेली गोष्टच करायला लावत असे. ही कल्पना १८७७ च्या कायद्याने भारतात आली. त्याच्या जागी विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ आला. जमिनीचा करार मोडला तर पैशाने पुरेशी भरपाई होत नाही, असे गृहीत धरूनच न्यायालयाने चालावे, असे या कायद्यात लिहिलेले होते.

तरीही बरीच वर्षे निकाल न्यायाधीशांच्या विवेकावर अवलंबून राही. करार सिद्ध झाला, खरेदीदाराची चूक नाही, तरी ‘मालकावर फार मोठा आघात होईल’ अशा कारणाने न्यायालय करारपूर्ती नाकारू शकत असे. १ ऑक्टोबर २०१८ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने ही मोकळीक काढून घेतली. कायद्यातल्या अटी पुऱ्या झाल्या तर न्यायालयाने करार पुरा करून द्यायचाच, असा आता नियम आहे. समन्स बजावल्यापासून बारा महिन्यांत दावा निकाली काढावा आणि लेखी कारणे देऊन फार तर सहा महिने वाढवावेत, असेही त्या दुरुस्तीत आहे. दिवाणी न्यायालयात तारखा घेतलेल्या माणसाला हे वाचून आश्चर्य वाटेल. प्रत्यक्षात ही मुदत पाळली जाणे अजून दूर आहे.

खरा कस: तयारी आणि इच्छा

‘अटी पुऱ्या झाल्या तर’ यातली सर्वांत अवघड अट कलम १६ मध्ये आहे. करार झाल्या दिवसापासून निकालापर्यंत आपण आपला वाटा पार पाडायला सतत तयार होतो आणि तशी आपली इच्छाही होती, हे खरेदीदाराने सिद्ध करायचे असते. तयारी म्हणजे ऐपत: उरलेली रक्कम उभी करण्याची क्षमता. इच्छा म्हणजे वागणूक: व्यवहार पुरा करण्यासाठी त्याने केलेली धडपड. दोन्ही लागतात. खात्यात कोटभर रुपये असलेला पण दोन वर्षे गप्प बसलेला माणूस दावा हरू शकतो. रोज फोन करणारा पण पैशाची कुठलीच सोय नसलेला माणूसही हरू शकतो.

याचा अर्थ रोकड कपाटात ठेवून बसावे असा नाही. मुंबईतल्या शेअर्सच्या एका व्यवहारावरून झालेल्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने १९४९ मध्ये सांगितले, की खरेदीदाराने पैसे काढून दाखवायलाच हवेत किंवा रक्कम उभारण्याची पक्की झालेली योजनाच मांडायला हवी, असे नाही. हे मत आजही आधाराला घेतले जाते. बँकेचे मंजुरीपत्र, मोडता येणारी मुदतठेव, विकायला काढलेली दुसरी जमीन, प्राप्तिकर विवरणपत्र, अशा कशावरूनही ऐपत दाखवता येते. पण दाखवावी लागते. ‘माझ्याकडे पैसे होते’ हे साक्षीच्या पिंजऱ्यातले एक वाक्य उलटतपासणीत टिकत नाही.

म्हणून बाकावर बसलेल्या त्या माणसाकडे पुन्हा वळायला हवे. त्याला चांगला वकील मिळाला असेल, तर मालकाला आधीच पोस्टाने नोटीस गेलेली असेल: अमुक तारखेला, अमुक वाजता, अमुक कार्यालयात खरेदीखतासाठी हजर राहा, मी उरलेली रक्कम घेऊन येतो. आणि मालक आला नाही म्हणून तो हात हलवत घरी जाणार नाही. दिवसभर हजर होतो, ड्राफ्ट जवळ होता, मालक आला नाही, असा अर्ज तो कार्यालयात देईल आणि पोच घेईल. ड्राफ्टची झेरॉक्स त्याला जोडेल. त्या दिवशी हा अर्ज कोणाला निरर्थक वाटेल. चार वर्षांनी न्यायालयात त्याची ‘तयारी आणि इच्छा’ सांगणारा सर्वांत बोलका कागद तोच ठरू शकतो.

उलटे उदाहरण मदुराईचे आहे. १५ डिसेंबर १९७८ रोजी तिथले एक घर ६०,००० रुपयांना विकायचे ठरले. विसार ५,००० रुपये. उरलेले पैसे सहा महिन्यांत देऊन खरेदीखत करून घ्यायचे होते. खरेदीदाराने नोटीस पाठवली ११ जुलै १९८१ ला. मधली अडीच वर्षे त्याने काही केल्याचा पुरावा नव्हता, आणि तेवढ्यात तिथल्या किमती तिपटीने वाढल्याचे मालकाकडून सांगण्यात आले. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये खरेदीदाराचा दावा फेटाळला. दावा तीन वर्षांच्या मुदतीत होता, तरी तेवढ्यावर भागले नाही. थोडा विसार देऊन मालकाला अडकवून ठेवायचे आणि भाव चढल्यावर उगवायचे, याला न्यायालय साथ देणार नाही, हे त्या निकालातून दिसते.

भाव वाढला, करार मोडला

मग रिंगरोडमुळे जमीन महागली, हे कारण मालकाला पुरते का? पुरत नाही. मुंबईतल्या एका फ्लॅटचा करार १९६६ मध्ये झाला होता. खटला सर्वोच्च न्यायालयात पोचून २००२ मध्ये निकाल लागला. छत्तीस वर्षांत मुंबईच्या फ्लॅटचे भाव कुठून कुठे गेले, हे सांगायला नको. न्यायालय म्हणाले, की दावा चालू असताना किंमत कितीही वाढली तरी एवढ्याच कारणाने करारपूर्ती नाकारता येत नाही. चूक कोणाची होती हे पाहावे लागते. मात्र न्याय्य वाटल्यास खरेदीदाराला जादा रक्कम भरायची अट घालता येते, असेही त्यात होते.

दुसरी बाजूही न्यायालयाने पाहिली आहे. स्थावर मालमत्तेच्या करारात ठरलेली तारीख ही जीवनमरणाची अट नसते, असे जुने गृहीतक आहे. २०११ मध्ये न्यायमूर्ती आर. व्ही. रवींद्रन यांनी या गृहीतकाचाच फेरविचार व्हावा असे सुचवले. भाव स्थिर असण्याच्या काळात ते ठीक होते. शहरांभोवती किमती झपाट्याने चढत असताना मुदतीकडे काणाडोळा केला तर मालकावर अन्याय होतो. मुलीच्या लग्नासाठी किंवा कर्ज फेडण्यासाठी जमीन काढलेला शेतकरी चार महिन्यांत पैसे येतील या भरवशावर असतो. दोन वर्षांनी आलेले तेवढेच पैसे त्याच्या कामाचे नसतात.

करारपूर्तीचा दावा विकणाराही लावू शकतो. खरेदीदार मागे हटला तर विसाराची रक्कम ठेवून घ्यायची मुभा विकणाऱ्याला असते, पण ती खऱ्या अर्थाने विसार असायला हवी. पुढचे हप्ते ‘विसार’ या नावाखाली गिळता येत नाहीत.

तेच शेत तिसऱ्याला विकले तर

दावा दाखल व्हायच्या आतच मालक जमीन दुसऱ्या कोणाला जास्त भावाने विकून मोकळा होतो, हे नेहमीचे. अशा वेळी नव्या खरेदीदाराला आधीचा करार माहीत होता का, यावर सगळे ठरते. त्याने पुरता मोबदला दिला, व्यवहार प्रामाणिकपणे केला आणि त्याला काहीच ठाऊक नव्हते, तर तो वाचतो. माहीत असेल तर त्याच्याविरुद्धही करार अमलात येतो.

तेव्हा खरेदीखत कोणी द्यायचे, हा पेच १९५३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सोडवला. निकाल न्यायमूर्ती विव्हियन बोस यांचा. ते पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. त्यांनी सांगितलेला मार्ग साधा आहे. मूळ मालकाने खरेदीखत करून द्यावे आणि दुसऱ्या खरेदीदारानेही त्यात सही करावी, म्हणजे त्याच्याकडे गेलेली मालकी पहिल्या खरेदीदाराकडे येईल. आजही हुकूमनामे याच पद्धतीने लिहिले जातात.

‘माहीत होते’ हे सिद्ध करण्याचे सोपे साधन म्हणजे नोंदणी. साठेखत नोंदवले असेल तर कायद्याच्या नजरेत ते सगळ्या जगाला कळलेले असते. नोटरीपुढे केलेल्या कागदाला हे बळ नसते. जमिनीचा ताबा पहिल्या खरेदीदाराकडे असेल, तर तीही नव्या माणसाला सूचनाच मानली जाते. आणि दावा लावल्यावर एक काम महाराष्ट्रात विसरता कामा नये. दावा चालू असताना झालेली विक्री निकालाला बांधील असते, हा नियम देशभर आहे. पण जुन्या मुंबई प्रांताच्या १९३९ च्या दुरुस्तीमुळे इथे त्याचा फायदा हवा असेल तर दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. वकिलांच्या बोलीत ‘लिस पेंडन्स नोंदवणे’ ते हेच.

चौकट: चार तारखा, चार परिणाम

*खरेदीखताची तारीख ठरलेली असेल:* त्या तारखेपासून ३ वर्षांत दावा लावावा लागतो.

*तारीख ठरलेली नसेल:* मालकाने नकार दिल्याचे कळले त्या दिवसापासून ३ वर्षे.

*२४ सप्टेंबर २००१ नंतरचे साठेखत:* साठेखताच्या आधारे घेतलेल्या ताब्याला मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५३-अ चे संरक्षण हवे असेल, तर ते नोंदणीकृत हवे.

*हुकूमनामा झाल्यावर:* तो १२ वर्षांच्या आत बजावून घ्यावा लागतो.

जिथे न्यायालयही थांबते

कायद्याने बंदी असलेला व्यवहार न्यायालय पुरा करून देत नाही. महाराष्ट्रात कूळ कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे शेतकरी नसलेल्या माणसाला परवानगीशिवाय शेतजमीन विकता येत नाही. भोगवटादार वर्ग २ च्या जमिनींनाही बहुधा सक्षम अधिकाऱ्याची परवानगी लागते. अशा वेळी न्यायालय ‘परवानगी मिळण्याच्या अटीवर’ हुकूमनामा देऊ शकते, पण परवानगी ते स्वतः देऊ शकत नाही. सातबाऱ्यावर इतर हक्काच्या रकान्यात काय लिहिले आहे, हे विसार देण्याआधी पाहणे म्हणूनच अत्यंत गरजेचे आहे.

दुसरी नेहमीची अडचण बहिणींची. वडिलोपार्जित जमिनीचा करार एकटा भाऊ करून देतो. ‘बहिणींच्या सह्या मी आणतो’ म्हणतो. महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि केंद्राने २००५ मध्ये कायदा दुरुस्त करून मुलींना सहदायाद केले. सही न केलेल्या बहिणीला तिच्या भावाच्या करारात न्यायालय ओढू शकत नाही. खरेदीदाराच्या पदरात मग भावाचा हिस्सा तेवढा पडू शकतो, आणि त्यानंतर वाटपाचा वेगळा दावा मांडून बसावे लागते.

मालकाने करार रद्द केल्याची नोटीस दिली असेल, तर नुसती करारपूर्ती मागून थांबू नये. ते रद्द करणे बेकायदा असल्याचे जाहीर करून मागणेही गरजेचे ठरू शकते. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालापासून या मुद्द्यावर अनेक दावे अडकले आहेत. तसेच, करारपूर्ती नाही मिळाली तर विसार व दिलेली रक्कम परत मिळावी, ही पर्यायी मागणी दाव्यात लिहावी लागते. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम २२ प्रमाणे न मागितलेला परतावा न्यायालय देत नाही. दावा हरलेल्या माणसाला स्वतःचेच लाखो रुपये मिळू नयेत, याचे कारण अर्जातल्या दोन ओळी नसणे एवढेच असते. हे पाहून मन खरोखर विषण्ण होते. ही मागणी दुरुस्ती अर्जाने नंतरही घालता येते, हे अनेकांना माहीतच नसते.

न्यायाधीशांची सही

समजा, खरेदीदार जिंकला. हुकूमनाम्यात लिहिलेले असते, की त्याने इतक्या दिवसांत उरलेली रक्कम न्यायालयात भरावी आणि मालकाने खरेदीखत करून द्यावे. पैसे मुदतीत भरले नाहीत आणि वाढीव मुदतही मागितली नाही, तर मालक त्याच अधिनियमाच्या कलम २८ खाली करारच रद्द करून मागू शकतो. जिंकलेला दावा या टप्प्यावर घालवून बसलेले लोक आहेत.

पैसे भरले आणि मालक तरीही आला नाही, की दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २१, नियम ३४ पुढे येतो. खरेदीदार हुकूमनाम्याला धरून खरेदीखताचा मसुदा तयार करतो आणि न्यायालयात देतो. न्यायालय तो मालकाला पाठवते आणि हरकती मागवते. चतुःसीमा चुकली, क्षेत्र जास्त लिहिले, अशा हरकती ऐकून मसुदा कायम केला जातो. मग तो योग्य मुद्रांकावर उतरवून न्यायाधीश, किंवा त्यांनी नेमलेला अधिकारी, त्याच्यावर सही करतो. सही कशी करायची तेही नियमात दिले आहे: अमुक न्यायालयाचे न्यायाधीश, अमुक मालकाकरिता, अमुकाने लावलेल्या दाव्यात. या सहीला मालकाच्या सहीइतकीच किंमत असते. खरेदीखत नोंदवले जाते, फेरफार पडतो, सातबाऱ्यावर नाव चढते. ताबा मिळत नसेल तर तोही याच हुकूमनाम्यातून घेता येतो.

एवढ्या वाटेवर वर्षे जातात, आणि विसार देताना कोणी त्याचा विचार केलेला नसतो. म्हणून ज्यांच्या कपाटात एखादे साठेखत पडून आहे, त्यांनी ते आज काढून खरेदीखताची ठरलेली तारीख पाहावी आणि तिच्यात तीन वर्षे मिळवावीत. तो दिवस जवळ आला असेल, तर मालकाच्या आणखी एका आश्वासनाची वाट न पाहता त्याला नोटीस पाठवावी आणि दाव्याचे कागद वकिलाकडे द्यावेत.